रॉय पोर्टर

रॉय सिडनी पोर्टर (३१ डिसेंबर १९४६ – ३ मार्च २००२) हे ब्रिटिश इतिहासकार होते. वैद्यकाचा सामाजिक इतिहास हे त्यांचे प्रमुख कार्यक्षेत्र होते. वैद्यकाचा इतिहास हा केवळ डॉक्टरांच्या शोधांचा नसून आजारी माणसांच्या अनुभवांचाही इतिहास आहे, अशी भूमिका त्यांनी मांडली आणि सर्वसामान्य वाचकांसाठी लिहिलेल्या ग्रंथांद्वारे ती लोकप्रिय केली. जुन्या व्यंगचित्रांचा व छापचित्रांचा ऐतिहासिक साधन म्हणून त्यांनी केलेला उपयोगही उल्लेखनीय आहे.

जीवन

पोर्टर यांचे बालपण दक्षिण लंडनमधील न्यू क्रॉस या भागात गेले. त्यांचे वडील सोनारकामाच्या व्यवसायात होते. केंब्रिज येथील क्राइस्ट्स महाविद्यालयात त्यांनी इतिहासाचे शिक्षण घेतले. भूविज्ञानाच्या जडणघडणीवरील त्यांचा प्रबंध १९७७ मध्ये ग्रंथरूपाने प्रसिद्ध झाला. चर्चिल महाविद्यालयात अध्यापन केल्यानंतर १९७९ मध्ये ते लंडनच्या वेलकम वैद्यकेतिहास संस्थेत दाखल झाले आणि १९९३ मध्ये वैद्यकाच्या सामाजिक इतिहासाचे प्राध्यापक झाले. २००१ मध्ये निवृत्ती घेऊन ते इंग्लंडच्या दक्षिण किनाऱ्यावरील सेंट लेनर्ड्स येथे राहू लागले. तेथेच वयाच्या ५५ व्या वर्षी हृदयविकाराने त्यांचे निधन झाले.

रुग्णाच्या बाजूने इतिहास

वैद्यकाचा इतिहास पूर्वी बहुतांशी डॉक्टरांनीच लिहिलेला असे. त्यात थोर संशोधक, त्यांचे शोध आणि विज्ञानाची सततची प्रगती यांचे वर्णन असे. रुग्ण मात्र त्यात क्वचितच दिसे. १९८५ मधील ‘द पेशंट्स व्ह्यू’ या निबंधात पोर्टर यांनी या पद्धतीवर आक्षेप घेतला. आजारपणाचा बराचसा भाग घरातच पार पडतो. माणसे स्वतः औषध करतात, नातेवाइकांचा व शेजाऱ्यांचा सल्ला घेतात आणि त्यानंतर कधीतरी डॉक्टरकडे जातात. त्यामुळे केवळ डॉक्टरांच्या नोंदींवर आधारलेला इतिहास अपुरा राहतो, असे त्यांचे प्रतिपादन होते.

अठराव्या शतकातील इंग्लंड हे त्यांच्या अभ्यासाचे मुख्य क्षेत्र होते. त्या काळी श्रीमंत रुग्ण डॉक्टरची निवड करी, त्याच्याशी वाद घाली आणि समाधान न झाल्यास त्याला बदलीही. अशा रुग्णांच्या रोजनिशा व पत्रे, तसेच औषधांच्या जाहिराती यांचा पोर्टर यांनी साधन म्हणून वापर केला. भोंदू वैद्यांवरील ‘हेल्थ फॉर सेल’ (१९८९) या ग्रंथात त्यांनी अशा वैद्यांना केवळ ठग न ठरवता, तत्कालीन बाजारपेठेतील विक्रेते म्हणून अभ्यासले.

चित्रे आणि वैद्यक

‘बॉडीज पॉलिटिक’ (२००१) हा ग्रंथ १६५० ते १९०० या काळातील ब्रिटनमधील रोग, मृत्यू व डॉक्टर यांच्या शब्दांतील आणि चित्रांतील प्रतिमांविषयी आहे. त्या काळातील चित्रकारांनी वैद्यकाची निर्दयपणे खिल्ली उडवली होती. विल्यम होगार्थच्या १७३० च्या दशकातील एका छापचित्रात डॉक्टरांचा समूह कुलचिन्हाच्या ढाली­वर मांडला असून त्याला प्रेतसंस्कार करणाऱ्यांची मंडळी असे नाव दिले आहे. जेम्स गिलरे याने १७९९ मध्ये गाउट या सांधेदुखीचे चित्र काढले. त्यात सुजलेल्या पावलात दात रुतवणारा लहानसा काळा राक्षस दिसतो. १८०२ मधील त्याच्या दुसऱ्या चित्रात एडवर्ड जेन्नरची देवीप्रतिबंधक लस टोचून घेतलेल्या लोकांच्या अंगांतून गायी बाहेर पडताना दाखविल्या आहेत.

अशी चित्रे म्हणजे तत्कालीन वास्तवाची हुबेहूब नोंद नव्हे. मोठा केसांचा टोप, हातातील काठी आणि गंभीर मुद्रा ही डॉक्टर ओळखू यावा म्हणून रूढ झालेली चिन्हे होती. गायींच्या चित्रावरून लसीचा परिणाम कळत नाही. मात्र प्राण्यापासून मिळालेले द्रव्य शरीरात घालण्याविषयी लोकांना वाटणारी भीती कळते. राजकीय व्यंगचित्रांत राष्ट्र हे आजारी शरीर आणि मंत्री हे भोंदू वैद्य म्हणून रंगविले जात. अशा प्रकारे शरीराविषयीच्या कल्पना राजकारणाची भाषाही घडवीत होत्या.

लोकप्रिय ग्रंथ

‘द केंब्रिज इलस्ट्रेटेड हिस्टरी ऑफ मेडिसिन’ (१९९६) या सचित्र ग्रंथाचे त्यांनी संपादन केले. ‘द ग्रेटेस्ट बेनिफिट टू मॅनकाइंड’ (१९९७) हा प्राचीन काळापासून विसाव्या शतकापर्यंतचा आढावा घेणारा त्यांचा बृहद्ग्रंथ आहे. जी. एस. रूसो यांच्यासह लिहिलेल्या ‘गाउट : द पॅट्रिशियन मॅलडी’ (१९९८) मध्ये एक वेदनादायी रोग उच्चकुलीनतेचे लक्षण कसा मानला गेला, याचे विवेचन आहे. ‘ब्लड अँड गट्स’ (२००२) हे छोटे पुस्तक रोग, डॉक्टर, शरीर, प्रयोगशाळा, उपचार, शस्त्रक्रिया, रुग्णालय आणि आधुनिक समाज अशा प्रकरणांत विभागलेले आहे.

मूल्यमापन

‘द ग्रेटेस्ट बेनिफिट टू मॅनकाइंड’ मध्ये भारतीय व चिनी वैद्यकावर स्वतंत्र प्रकरणे असली, तरी ग्रंथाचा मोठा भाग पाश्चात्त्य वैद्यकाला दिलेला आहे. हे वैद्यक जगभर प्रभावी ठरले, असे त्याचे कारण पोर्टर यांनी दिले होते. त्यामुळे रुग्णांचा आवाज ऐकण्याचा आग्रह धरणाऱ्या या इतिहासकाराच्या सर्वांत मोठ्या ग्रंथात जगातील बहुसंख्य रुग्णांना तुलनेने कमी जागा मिळाली. मात्र आजारी माणसाच्या दृष्टीतून वैद्यकाकडे पाहण्याची त्यांनी पुरस्कारलेली पद्धत पुढे या विषयाच्या अभ्यासाचा महत्त्वाचा भाग बनली.