गेम इंजिन : करार आणि पत

मुले मोबाइलवर जे खेळ खेळतात, त्यांच्यामागे एक मोठा व्यवसाय उभा आहे. ‘गेम इंजिन’ हा त्या व्यवसायाचा पाया होय. चेंडू आपटल्यावर किती उसळावा, दिव्याचा प्रकाश भिंतीवर कसा पडावा, बोट फिरताच पात्राने कसे वळावे, ही कामे बहुतेक खेळांत सारखीच असतात. ती तयार स्वरूपात पुरविणारी संगणकप्रणाली म्हणजे इंजिन. निर्मात्याने आपली कल्पना, चित्रे व नियम तेवढे तीत घालावयाचे. त्यामुळे दोन-चार तरुणांची छोटी पेढीही जगभर विकला जाणारा खेळ तयार करू शकते.

अर्थात इंजिनाचे मोल द्यावे लागते. एपिक कंपनीचे ‘अनरियल’ हे इंजिन खेळाचे उत्पन्न 10 लाख डॉलरपुढे गेल्यावर वरच्या रकमेवर साधारणतः 5 टक्के हिस्सा घेते. कोपनहेगन येथे जन्मलेले व 2005 मध्ये बाजारात आलेले ‘युनिटी’ छोट्या निर्मात्यांना विनामूल्य मिळे; मोठ्यांकडून ते वार्षिक वर्गणी घेई, विक्रीत हिस्सा मागत नसे. याच भरवशावर असंख्य छोट्या निर्मात्यांनी त्याची निवड केली.

12 सप्टेंबर 2023 रोजी युनिटीने नवे शुल्क जाहीर केले. उत्पन्न व डाउनलोड यांची ठरावीक मर्यादा ओलांडल्यावर, खेळ नव्याने उतरवून घेतला जाईल तेव्हा प्रत्येक वेळी कमाल 20 सेंट द्यावयाचे होते. 1 जानेवारी 2024 पासूनची ही आकारणी आधीच बाजारात असलेल्या खेळांनाही लागू होणार होती. दुकानाच्या मालकाने ठरलेले भाडे बाजूला सारून, उंबरठा ओलांडणाऱ्या प्रत्येक माणसामागे पैसे मागावेत, मग त्याने खरेदी केलेली असो वा नसो, असाच हा प्रकार. विनामूल्य खेळ देऊन जाहिरातींवर चालणाऱ्या निर्मात्याला एका डाउनलोडमागे अनेकदा तेवढी प्राप्तीही होत नाही. शिवाय इंजिन बदलणे म्हणजे खेळाचा बराच भाग पुन्हा लिहिणे. वर्षानुवर्षांचे श्रम त्यात अडकलेले असतात.

जगभर संताप उसळला. दहा दिवसांतच कंपनीने अटी सौम्य केल्या. ऑक्टोबरमध्ये मुख्याधिकारी जॉन रिचिटिएलो पायउतार झाले. सप्टेंबर 2024 मध्ये हे शुल्क पूर्णतः रद्द झाले. वार्षिक वर्गणीचे दर मात्र वाढले.

तोवर अनेकांचे लक्ष ‘गोडो’कडे वळले होते. अर्जेंटिनातील दोन प्रोग्रामरांनी घडविलेले हे इंजिन 2014 पासून सर्वांसाठी खुले आहे. त्याला ना वर्गणी, ना हिस्सा. ‘टेरारिया’ या खेळाच्या निर्मात्यांनी त्या प्रकल्पाला 1 लाख डॉलरची देणगी दिली.

शुल्क मागे घेता आले. गेलेली पत तितक्या सहज परत येत नाही, हे व्यापारी घराण्यांना सांगावयास नको. घरातील मुलगा वा मुलगी या क्षेत्रात उतरणार असेल, तर वडीलधाऱ्यांना संगणकाचे ज्ञान नसले तरी एक काम करता येईल : इंजिनाचा करार मुलांसमवेत वाचावा. आजचा दर किती, एवढेच पाहून थांबू नये. अटी पुढे एकतर्फी बदलता येतात काय, आणि बदलल्यास जुन्या आवृत्तीवर जुन्याच अटी राहतात काय, हे दोन प्रश्न आधी विचारावेत. भांडवल गुंतविण्यापूर्वी प्रत्येक पेढीवर हेच विचारले जाते.