सातपुड्याचे रान आणि दप्तरातील इतिहास

दोंडाईचा येथील मिरचीच्या बाजारात गावचा शेतकरी आणि मजुरीसाठी आलेला भिल्ल यांच्यात जे अंतर दिसते, ते अनादी आहे अशी सुशिक्षितांची सर्वसाधारण समजूत असते. एक समाज जगापासून अलिप्त राहून डोंगरात थांबला, दुसरा तापीकाठची काळी जमीन कसून पुढे गेला, असे पाठ्यपुस्तकी चित्र तिच्यामागे उभे असते. ‘आदिवासी’ या शब्दातील ‘आदि’नेही त्यास हातभारच लावला आहे.

या चित्राला समर्थ आव्हान दिले ते सुमित गुहा या इतिहासकाराने. दिल्ली, कलकत्ता आणि पुढे अमेरिकेत अध्यापन केलेल्या या विद्वानाचा ‘एन्व्हायर्न्मेंट अँड एथ्निसिटी इन इंडिया, १२००-१९९१’ हा ग्रंथ १९९९ साली प्रसिद्ध झाला. २०२१ साली त्यांनी हाच विचार साऱ्या आशिया खंडातील टोळ्या आणि राज्यसंस्था यांच्या संबंधांपर्यंत नेला. तथापि त्याचा पाया मराठी दप्तरांत आहे, आणि खानदेशच्या भिल्लांवर त्यांनी स्वतंत्र निबंधही लिहिला आहे.

त्यांचे प्रतिपादन थोडक्यात असे, की रान आणि शेत यांची सीमा निसर्गाने आखलेली नसून सत्तेच्या चढउतारांनी ती मागेपुढे सरकत आली. खानदेशाइतके याचे बोलके उदाहरण क्वचितच सापडेल. भिल्ल नाईक घाटवाटा राखीत, गावांकडून हक्क वसूल करीत, आणि राज्यकर्त्यांनाही त्यांच्याशी तडजोड करावी लागे. १८०२-०४ च्या सुमारास होळकरी फौजांची लूट आणि पाठोपाठ दुष्काळ यांनी गावेच्या गावे ओस पडली, तेव्हा पडीत शेतांवर रान माजले. त्या काळी जमीन मुबलक होती, तुटवडा होता तो माणसांचा आणि बैलांचा. अर्थशास्त्राच्या विद्यार्थ्याने हे विशेष ध्यानात घ्यावे. १८१८ साली इंग्रजी अंमल आला. १८२५ मध्ये औट्रमच्या हाताखाली भिल्ल पलटण उभी राहिली. काहींना तनखे, काहींना तगाई मिळाली आणि बाकीच्यांवर चोरटेपणाचा शिक्का बसला. १८७८ च्या जंगल कायद्याने उरलेले रानही ‘राखीव’ झाले. एकेकाळी गावाकडून हक्क घेणारा त्याच गावाच्या बांधावर मजूर म्हणून उभा राहिला, तो या क्रमाने.

गुहांच्या मांडणीत एक उणीव जाणवते. दप्तरे लिहिणारे कारकून होते. त्यांत नाईक दिसतो, त्याचे बंड दिसते, पण मोळी विकून चूल पेटवणारी बाई दिसत नाही. अर्थात हा दोष इतिहासकारापेक्षा कागदांचा अधिक म्हटला पाहिजे.

हा वाद केवळ विद्वानांपुरता राहिलेला नाही. २००६ च्या वनहक्क कायद्यानुसार अनुसूचित जमातीच्या कुटुंबाला १३ डिसेंबर २००५ पूर्वीचा ताबा दाखवणे पुरते. त्याच रानात राहणाऱ्या इतरांना मात्र तीन पिढ्यांचा, म्हणजे पंचाहत्तर वर्षांचा रहिवास सिद्ध करावा लागतो. पिढ्यान्‌पिढ्या वंचित राहिलेल्यांना झुकते माप देण्यात अन्याय नाही. पण जी रेषा शासनानेच वेळोवेळी आखली आणि पुसली, तिच्या एका बाजूस उभ्या असलेल्या भूमिहीनाने आजोबाच्या काळचा कागद आणावा तरी कोठून? त्याचा आजोबा ज्या रानात राहिला, तेथे कागद होते ते फक्त जंगल खात्याचे; आणि त्यांत त्याचे नाव आलेच असेल, तर बहुधा गुन्ह्याच्या नोंदीत.