वारा, वाद्ये आणि विद्यावेतन

'रेझिंग द विंड' हे १९६१ साली निघालेल्या एका इंग्रजी विनोदी चित्रपटाचे नाव. त्याचे शब्दशः भाषांतर करू जाता 'वारा उठवणे' असे काहीतरी हाती लागते आणि अर्थ मात्र निसटतो. अडचणीच्या वेळी कोठून तरी पैसा उभा करणे, हा या वाक्प्रचाराचा इंग्रजीतील रूढ अर्थ होय. आपल्याकडे निराधाराला वाऱ्यावर सोडतात. इंग्रज अडला म्हणजे वाराच उभा करतो! शिवाय पाश्चात्त्य वाद्यवृंदातील फुंकून वाजवावयाच्या, म्हणजे आपल्या शास्त्रकारांच्या परिभाषेतील 'सुषिर' वाद्यांनाही इंग्रजीत वाऱ्याचेच नाव आहे. पैसा आणि वाद्य या दोहोंना एकाच शब्दात गाठणारा हा श्लेष मराठीत उतरणे कठीण. परंतु चित्रपटाचा सारा विषय त्यात सामावला आहे. अमेरिकेत हाच चित्रपट 'रूममेट्स' या नावाने गेला, तेव्हा श्लेषाबरोबर विषयाची खूणही पुसली गेली.

चित्रपटाचे दिग्दर्शक जेराल्ड टॉमस आणि निर्माते पीटर रॉजर्स. याच जोडीने १९५८ साली 'कॅरी ऑन' या नावाची विनोदी चित्रमालिका सुरू केली होती. केनेथ विल्यम्स, सिड जेम्स, लेस्ली फिलिप्स हे त्या मालिकेतील नट येथेही आहेत. त्यामुळे हा स्वतंत्र चित्रपट त्या मालिकेच्या सावलीत राहिला आणि आज फारसा कोणाच्या स्मरणात नाही. आमच्या मते तो विस्मृतीत जाण्याच्या योग्यतेचा नाही. कारण त्यातील हशाच्या तळाशी विद्यार्थ्यांच्या आणि शिक्षकांच्या जिव्हाळ्याचा एक प्रश्न आहे.

कथानक थोडक्यात असे. लंडनमधील एका काल्पनिक संगीत अकादमीत काही तरुण-तरुणी शिकत आहेत. अंगी गुण आहेत, खिसा रिकामा आहे. तेव्हा खर्च वाटून घ्यावा म्हणून ही मंडळी एकत्र बिऱ्हाड थाटतात. अकादमीत त्यांची गाठ सर बेंजामिन बॉइड या तापट गुरूंशी आहे. जेम्स रॉबर्टसन जस्टिस या धिप्पाड नटाने ही भूमिका केली आहे. 'डॉक्टर इन द हाउस' (१९५४) या चित्रपटातील खेकसणारा शल्यविशारद त्यानेच उभा केला होता, आणि तो चित्रपट जेराल्ड यांचे बंधू राल्फ टॉमस यांनी दिग्दर्शित केलेला होता. या मंडळींपैकी मर्व्हिन नावाचा विद्यार्थी एक हलकीफुलकी चाल रचून धंदेवाईक माणसांना विकून बसतो. पैसे हाती आल्यावर त्याला उमगते की, असा मोबदला घेणे आपल्या विद्यावेतनाच्या अटींत बसत नाही. मग विकलेले परत मिळवण्याची धडपड सुरू होते, आणि तीत विनोदाला भरपूर वाव मिळतो.

विद्यावेतनाच्या अर्जामागील बारीक अक्षरांतल्या अटी आम्हां शिक्षकांच्या नित्य परिचयाच्या. विद्यावेतन देणारा वस्तुतः विद्यार्थ्याचा वेळ विकत घेऊन तो त्यालाच परत करत असतो, एवढ्याच अपेक्षेने की तो वेळ शिकण्यात जावा. या दृष्टीने अट रास्त आहे. परंतु वेतन पोटाला पुरत नसेल, तर तीच अट जाचक होते. गुण असलेल्याला गुणावर मिळवता येत नाही आणि मिळाले त्यावर भागत नाही. चित्रपट या कोंडीवर भाषण करत नाही. मर्व्हिनची त्रेधा दाखवून तो पुढे जातो. तथापि हसणाऱ्या प्रेक्षकाला ती कोंडी कळल्यावाचून राहत नाही.

दुसरा प्रसंग याहून सूक्ष्म आहे. चेस्नी नावाचा एक घमेंडखोर विद्यार्थी वाद्यवृंदाच्या संचालनाला उभा राहतो. ही भूमिका केनेथ विल्यम्स यांची. वाजवावयाचे आहे रोसिनीच्या 'विल्यम टेल' (१८२९) या संगीतिकेचे प्रास्ताविक, ज्याचा शेवट घोडदौडीसारख्या द्रुत लयीत होतो. चेस्नीने वादकांचा उपमर्द करून त्यांना दुखवलेले असते. वादक त्याचा सूड लयीने उगवतात. ते धावत सुटतात आणि याची छडी मागून फरफटत जाते. वृंदसंचालक स्वतः एकही स्वर काढत नाही, हे ध्यानात घेतले म्हणजे या प्रसंगाचे मर्म कळते. लय त्याच्या हातात असते खरी, पण ती वादकांच्या संमतीने. गवई आणि तबलजी यांची चुरस आपल्या मैफलींना नवी नाही. फरक इतकाच की आपल्या गवयाजवळ निदान गळा तरी असतो. चेस्नीला अभ्यासाचा गर्व आहे, सोबत्यांविषयी आदर नाही. आणि त्या एका उणिवेपायी त्याची सारी विद्या लुळी पडते.

असे प्रसंग ज्याला सुचले तो संगीताच्या व्यवसायातलाच माणूस असला पाहिजे, हे सहज ताडता येते. पटकथा आणि संगीत या दोन्ही बाजू ब्रूस माँटगमेरी यांनी सांभाळल्या होत्या. १९२१ साली जन्मलेले हे गृहस्थ ऑक्सफर्डच्या सेंट जॉन्स कॉलेजात आधुनिक भाषा शिकले. पुढे काही काळ श्रूजबरी येथील शाळेत शिक्षकही होते. एडमंड क्रिस्पिन या टोपणनावाने त्यांनी १९४४ ते १९५१ या काळात आठ रहस्यकादंबऱ्या लिहिल्या; जर्व्हेज फेन हा ऑक्सफर्डचा इंग्रजीचा प्राध्यापक हा त्यांचा नायक. 'अ‍ॅन ऑक्सफर्ड रेक्विएम' (१९५१) ही गंभीर समूहगानाची रचनाही त्यांचीच. पुढे मात्र चित्रपटांच्या पार्श्वसंगीताने त्यांना व्यापले. 'कॅरी ऑन' मालिकेच्या पहिल्या सहा चित्रपटांना त्यांचे संगीत आहे. यानंतरची कादंबरी प्रसिद्ध व्हावयास १९७७ साल उजाडले, आणि १९७८ मध्ये ते निवर्तले. या दीर्घ खंडाला मद्याचे व्यसन आणि ढासळलेली प्रकृती हीही कारणे होती. सारा दोष चित्रपटांच्या माथी मारणे न्यायाचे होणार नाही. पण मर्व्हिनने विकलेल्या चालीची गोष्ट लिहिणारा लेखक ती परक्याच्या अनुभवावरून लिहीत नव्हता, एवढे निश्चित.

म्हणूनच या चित्रपटात हलक्या संगीताचा उपहास नाही, ही गोष्ट आम्हांस विशेष वाटते. पोटासाठी चाल रचणारा मर्व्हिन येथे सहानुभूतीचा धनी होतो. फजिती होते ती चेस्नीची. कलेतून पैसा मिळवणे लेखकाने पाप मानलेले नाही. कलेतील सोबत्यांना तुच्छ लेखणे मात्र त्याला खपत नाही. उपजीविका आणि उपासना यांचा मेळ कसा घालावा, याचे उत्तर हा चित्रपट देत नाही, आणि दीड तासाच्या विनोदाकडून ते मागूही नये. वाचकांपैकी कोणास तो पाहण्याचा योग आला, तर चेस्नीच्या फजितीच्या प्रसंगी त्याच्या मुद्रेवर नजर ठेवण्याबरोबरच वादकांच्या लयीकडेही कान द्यावा, अशी आमची सूचना आहे. त्या लयीमागे माँटगमेरी यांचा हात आहे.