वार पडायची वाट पाहू नका, वासराला आधी चीक पाजा



दुधाच्या धंद्याचा हिशेब मांडताना आपण काय लिहितो? गाय, गोठा, चारा, पेंड, दुधाचा दर. वासराचा रकाना बहुतेकांच्या वहीत नसतोच. पण आज जन्मलेली कालवड नीट जगली, तर साधारण तीन वर्षांनी तीच तुमच्या गोठ्यात दूध देते. ती गेली, तर तशीच गाभण कालवड चाळीसगावच्या नाहीतर धुळ्याच्या बाजारातून रोख पैसे मोजून आणावी लागते. म्हणजे वासरू हे तुमचं भांडवलच आहे.

पहिले दोन तास

गावोगाव एक समज आहे: वार पडल्याशिवाय चीक पाजायचा नाही. वार पडायला सहा-आठ तास, कधी बारा तासही लागतात. तोवर वासरू उपाशी! खरं नुकसान इथेच होतं. गायी-म्हशींमध्ये रोगाशी लढायची ताकद वासराला आईच्या पोटात मिळत नाही, ती चिकातूनच मिळते. आणि चिकातली ही ताकद शोषून घ्यायची आतड्याची क्षमता तासागणिक कमी होत जाते, चोवीस तासांत जवळपास संपते.

हिशेब सोपा आहे. वजनाच्या दहावा भाग चीक पहिल्या दिवशी. वासरू 25 किलोचं असेल तर अडीच लिटर. त्यातला निम्मा पहिल्या दोन तासांत, उरलेला बारा तासांच्या आत. वासरू पिऊ लागलं की वार पडायलाही मदतच होते. खरवस करा की, पण वासराचं पोट भरल्यावर!

पुढची कामं

1. नाळ: स्वच्छ दोरा बांधून नवीन ब्लेडने कापा, टिंक्चर आयोडीन लावा. पुढचे दोन-तीन दिवस पुन्हा लावा. उघड्या नाळेतूनच जंतू आत शिरतात.
2. जंताचं औषध: दहाव्या-पंधराव्या दिवशी, डॉक्टरांना विचारून. पुढे सहा महिन्यांपर्यंत दर महिन्याला. पारडांना तर चुकवूच नका.
3. हगवण: दूध एकदम तोडू नका. क्षार-पाणी पाजा. डोळे खोल गेले, वासरू उठेना, तर वाट पाहू नका. 1962 वर फोन करा किंवा दवाखाना गाठा.
4. ऊन: आपल्याकडे एप्रिल-मेमध्ये पारा 45 च्या आसपास जातो. वासरू पत्र्याखाली बांधू नका. सावली, कोरडी जागा आणि स्वच्छ पाणी हवंच.

लसीची तारीख लिहून ठेवा

2022 च्या साथीत महाराष्ट्रात लम्पी सगळ्यात आधी सापडला तो ऑगस्टमध्ये आपल्याच जिल्ह्यात, रावेर तालुक्यातल्या चिनावलला. त्या साथीत वासरांना मोठा फटका बसला. म्हणून गावात लसीकरण आलं की डॉक्टरांना वासराचं वय सांगा. लाळ्या-खुरकूतची पहिली लस चौथ्या महिन्यात. ब्रुसेलाची लस फक्त मादी वासरांना, चार ते आठ महिन्यांच्या वयात, एकदाच. सरकारी कार्यक्रमात या दोन्ही लसी मोफत आहेत. ब्रुसेलाची वेळ हुकली, तर पुढे गाभडण्याचा धोका तुमच्याच माथी.

आजचं काम एवढंच: वहीत एक नवं पान काढा. जन्माची वेळ, पहिला चीक किती वाजता, जंताचं औषध, लस. चारच रकाने. पुढची गाय व्याली, की दुसरा रकाना दोन तासांच्या आत भरला पाहिजे. मग वार पडो न पडो!