नायिकेच्या शेजारची जागा

मंगळवेढ्याच्या दामाजीपंतांच्या कथेत नायक दामाजीच. दुष्काळात बादशहाचं कोठार लोकांसाठी उघडलं ते त्यांनी. पण कीर्तनात श्रोते वाट पाहतात विठू महाराची, म्हणजे महाराच्या रूपात आलेल्या विठ्ठलाची. तो बिदरच्या दरबारात येतो, त्या धान्याचे पैसे भरतो, पावती घेऊन निघून जातो. एवढाच प्रवेश, पण त्याच्यावाचून कथा सुटत नाही. सिनेमात हे काम चरित्र कलाकार करतो.

त्याची कारकीर्द कशी उभी राहते, याचं उदाहरण आपल्याच सोलापूर जिल्ह्यात आहे. हिंदी सिनेमातल्या अभिनेत्री शशिकला जवळकर यांचा जन्म 1932 चा, सोलापूरचा. वडिलांचा धंदा बुडाला आणि कुटुंब मुंबईला आलं. 1945 च्या ‘झीनत’मधल्या कव्वालीत त्या बसल्या, त्याचे 25 रुपये मिळाले. सुरुवात बहुतेकांची अशीच होते: आधी घोळक्यात, मग दोन वाक्यं, मग नाव असलेलं पात्र.

पुढचं गणित तारखांचं. चित्रपट विकला जातो नायक-नायिकेच्या नावावर, म्हणून पडला की खापरही त्यांच्यावरच. चरित्र कलाकार एकाच वेळी चार ठिकाणी थोड्या थोड्या तारखा देतो. एक चित्रपट आपटला तरी चूल पेटती राहते. मात्र प्रवेश छोटा असल्याने ओळख करून द्यायला लेखकाकडे वेळ नसतो. चेहरा दिसताच प्रेक्षकाला कळायला हवं, आता घरात काडी पडणार. म्हणून साचा तयार होतो.

1959 च्या ‘सुजाता’त शशिकला साधी, मनमोकळी बहीण होत्या. 1962 च्या ‘आरती’त त्यांनी घर फोडणारी जाऊ रंगवली आणि फिल्मफेअर मिळवलं. पुढच्याच वर्षी ‘गुमराह’मध्ये त्या नायिका मीनाला धमकावून पैसे उकळतात, शेवटी कळतं की ही धमकावणारी बाई मीनाच्या नवऱ्याचीच सेक्रेटरी. दिग्दर्शक बी. आर. चोप्रांनी प्रेक्षकाच्या मनातला ताजा साचाच त्याच्यावर उलटवला, असं मला वाटतं. सलग दुसरं फिल्मफेअर आलं. त्यानंतर कुभांडी बाई हवी की निर्मात्याला त्याच आठवू लागल्या. ‘अनुपमा’सारखे अपवाद मोजकेच.

कधी अपघातही साचा घडवतो. चित्रीकरणातल्या थपडेने ललिता पवारांचा डावा डोळा कायमचा अधू झाला, नायिकापद गेलं आणि हिंदी सिनेमाला त्याची सर्वांत धाकाची सासू मिळाली. हॉलिवूडच्या वॉल्टर ब्रेनन यांचे दात अपघातात गेले, ते ऐन उमेदीत म्हातारे रंगवू लागले. 1936, 1938 आणि 1940 च्या चित्रपटांसाठी त्यांना साहाय्यक अभिनेत्याचं ऑस्कर मिळालं.

या जागेला वयाची भीती नसते. शशिकलांच्या काळच्या बहुतेक नायिका पडद्यावरून केव्हाच उतरल्या होत्या, तेव्हा 2000 नंतरची मुलं त्यांना ‘सोनपरी’ मालिकेतली आजी म्हणून ओळखत होती. 2007 साली त्यांना पद्मश्री मिळाली. 4 एप्रिल 2021 रोजी मुंबईत त्यांचं निधन झालं.