दिल्लीचे दप्तर आणि आकाशातील अनोळखी पाहुणे

आकाशात दिसलेल्या अनोळखी वस्तूंचा हिंदुस्थानातील वृत्तान्त लिहावयाचा म्हणजे वस्तूंपेक्षा कागदांचाच धांडोळा अधिक घ्यावा लागतो; हे ज्यांना मान्य नाही त्यांनी पुष्पक विमानापासून आरंभ करून आपली पाने खुशाल भरावीत, त्यांच्याशी माझे भांडण जुनेच आहे. बखर बाजूस सारून अस्सल कागद धुंडाळण्याचे वळण राजवाड्यांनी घालून दिले, तरी या प्रांतात अद्याप बखरकारांचीच चलती आहे.

दिल्लीपुरते पाहू गेल्यास, १५ मार्च १९५१ च्या सकाळी येथील फ्लाइंग क्लबच्या २५ सभासदांनी सुमारे १०० फूट लांबीची, चिरुटाच्या आकाराची वस्तू आकाशात पाहिली. पाहणारे विमानांच्या सहवासात वावरणारे होते, बाजारगप्पा करणारे नव्हेत. परंतु या प्रकरणाचे टिपण आज अभ्यासकाच्या हाती लागते ते अमेरिकेच्या गुप्तवार्ता खात्याच्या दप्तरातून! १९६८ च्या आरंभी लडाख, नेपाळ, सिक्कीम व भूतान येथे दिसलेल्या प्रकाशांची हकीकतही त्याच दप्तरात आहे. पुढची तीनेक दशके वृत्तपत्री वावड्यांची. ती ओलांडूनच जावे.

माझ्या मते या इतिहासाचे खरे पान २००४ चे. अहमदाबादच्या अंतराळ उपयोग केंद्राचे हिमनदीतज्ज्ञ डॉ. अनिल कुलकर्णी यांचे पथक लाहौल-स्पितीतील समुद्र टापू खोऱ्यात असताना सुमारे चार फूट उंचीची, यंत्रमानवासारखी एक आकृती उतारावरून सरकत आली आणि पुढे वर उठून दिसेनाशी झाली. छायाचित्रे निघाली, पण मला त्यांचे अप्रूप नाही. कुलकर्ण्यांनी पथकातील प्रत्येकाची जबानी स्वतंत्रपणे घेतली, सर्वांची रुजवात केली आणि तपशीलवार अहवाल वरिष्ठांकडे रवाना केला, ही शिस्त एखाद्या जुन्या फडणिसाला शोभावी. अहवाल पंतप्रधानांच्या कार्यालयापर्यंत पोचल्याचे वृत्तपत्रांत आले. निकालाची वाच्यता मात्र झाली नाही. ‘फुगा असेल’ म्हणून हात झटकणाऱ्या विद्वानांनी त्या जबान्या वाचण्याची तसदी घेतली काय?

नोंदीचे मोल लडाखने सिद्ध केले. २०१२ मध्ये सरहद्दीवरील जवानांना वारंवार दिसणारे तेजोगोल चिनी टेहळणी-विमाने असावीत, असा संशय होता. भारतीय खगोलभौतिकी संस्थेच्या शास्त्रज्ञांनी त्यांच्या वेळा व दिशा ताडून पाहिल्या, तेव्हा ते गुरू आणि शुक्र निघाले. हे ऐकून माझे काही सहव्यवसायी हिरमुसले. मी पेढे वाटले.

१९२३ चा गुपितांचा कायदा अद्याप उभा आहे आणि २००५ च्या माहिती अधिकारातून संरक्षण संशोधन संस्था व गुप्तचर खाती बहुतांशी वगळलेली आहेत, तेव्हा पडदा आहे हे खरेच. तरीही सरकार सारे दडवते यापेक्षा सरकार जपून ठेवीत नाही, हीच माझी तक्रार मोठी. इकडे नोएडाच्या फिल्म सिटीतल्या वृत्तवाहिन्यांवर परग्रहवासी रोज रात्री नऊला उतरतात. तारीख नाही, स्थळ नाही, साक्षीदार नाही.

१९ नोव्हेंबर २०२३ रोजी इंफाळच्या विमानतळावर एक अनोळखी वस्तू दिसली, उड्डाणे थांबली, राफेल विमाने धाडली गेली आणि काहीच आढळले नाही. त्या दिवसाची नोंदवही कायम जतनास योग्य ठरली, तर १९९३ च्या अभिलेख कायद्यानुसार पंचवीस वर्षांनी, म्हणजे २०४८ च्या सुमारास, तिने जनपथावरील अभिलेखागारात दाखल व्हावयास हवे. मी तेव्हा नसेन. मागणीअर्ज कोणीतरी तरुणाने करावा, आणि सोबत कुलकर्ण्यांचा अहवालही मागावा.