पावणेपाच सेकंदांचं अंतराळ

‘रवा चाळणीतून भराभर पडतो, मग बेसन का अडतं?’ जर्मनीत ब्रेमेनला आल्यापासून कोणी माझं काम विचारलं, की मी हा उलटा प्रश्न टाकते.

दोन कण एकमेकांना टेकले, की त्यांचे रेणू एकमेकांना हलकेच ओढतात. हे व्हॅन डर वाल्स बल. रव्याच्या कणाचं वजन या ओढीला भारी पडतं, म्हणून तो सुटा राहतो. बेसनाचा कण इतका बारीक, की ओढच जिंकते आणि गुठळ्या होतात. मग वजनच काढून घेतलं, तर रवाही बेसनासारखा वागेल?

ते बघायला अंतराळात जावंच लागतं असं नाही. इथल्या विद्यापीठात १४६ मीटर उंच मनोरा आहे. आतल्या ११० मीटरच्या नळीतली हवा काढतात आणि प्रयोगाची कुपी वरून सोडतात. खाली थर्माकोलच्या मण्यांत रुतेपर्यंत ४.७४ सेकंद आतलं सगळं जवळजवळ वजनरहित असतं.

माझ्या पहिल्या कुपीतले काचेचे बारीक मणी मात्र सोडण्याआधीच ढेकळं होऊन बसले होते. दोन महिन्यांची तयारी पाण्यात! रात्री रत्नागिरीला फोन लावून रडले. आई म्हणाली, “अगो, पावसाळ्यात मिठाच्या बरणीत तांदूळ कशाला घालतो आपण?”

दमटपणा! घाईत मी मणी नीट वाळवलेच नव्हते. पुढच्या वेळी रात्रभर ओव्हनमध्ये तापवले. कुपी पडली. मणी आधी सुटे तरंगले, मग दोन-दोन, चार-चार जुळू लागले. यात विजेच्या भाराचाही हात असतो. कोणाचा वाटा किती, हेच आता मोजतेय.

“पण याचा उपयोग काय?” बाबांचा नेहमीचा प्रश्न. त्यांना मी बेन्नू या लघुग्रहाची गोष्ट सांगते. २० ऑक्टोबर २०२० रोजी नासाच्या ओसायरिस-रेक्स यानाने नमुना घ्यायला तिथे हात टेकवला, तर तो जवळपास अर्धा मीटर आत गेला! तिथलं गुरुत्वाकर्षण पृथ्वीच्या लाखाव्या हिश्श्याहूनही कमी, आणि खडे एकमेकांना जेमतेम धरून. अशा जागी उतरायचं, तर कण कणाला किती घट्ट धरतो हे आधी कळायला हवं. बाबांना पटलं असावं. हल्ली शेजाऱ्यांना तेच समजावतात.

परवा आईचा फोन. “दिवाळीला लाडू कसले पाठवू? रव्याचे की बेसनाचे?”

म्हटलं, “दोन्ही पाठव. वाटेत कुठले फुटतात, ते बघते!”